मुलांचा फेडरेशनचा प्रोजेक्ट: भाषणापासून नको, नाक्यापासून सुरू करा

इथे मेलबर्नमध्ये मूल सहावीत गेलं की एक दिवस हे होतंच, संध्याकाळी दप्तर टाकता टाकता सांगतं, आई फेडरेशनचा प्रोजेक्ट दिलाय, आणि आपल्याला कुठून सुरुवात करायची तेच सुचत नाही. आपण शाळेत शिवकाल शिकलो, १८५७ शिकलो, टिळक गांधी शिकलो, ऑस्ट्रेलिया हा एक देश कधी आणि कसा झाला, म्हणजेच हे फेडरेशन, आपल्याला कोणी शिकवलंच नाही. ज्यांनी एमपीएससीचा अभ्यास केलाय त्यांना तेवढं एक पाठ असतं की समवर्ती सूची आणि संसदेची संयुक्त बैठक आपल्या राज्यघटनेत ऑस्ट्रेलियाकडून आली, बास.

माझ्या मुलाच्या वेळी मी सगळ्यांसारखंच केलं. मोठा चार्ट पेपर आणला, पांढऱ्या दाढीवाल्या हेन्री पार्क्सचा फोटो मध्यभागी चिकटवला, सहा वसाहतींची नावं, खाली ठळक अक्षरात १ जानेवारी १९०१, दिसायला एकदम छान झालं. वर्गात टीचरने एकच प्रश्न विचारला, या सहा जणांचं आपापलं बरं चाललं होतं ना, मग एकत्र यायची गरज काय पडली? त्याला काही सांगता आलं नाही आणि घरी येऊन तो खूप रडला. चूक त्याची नव्हती, मी त्याला तारखा दिल्या होत्या, कारण दिलंच नव्हतं. तीन वर्षांनी मुलीची पाळी आली तेव्हा मी आधी स्वतः वाचलं, आणि मग आम्ही जे केलं ते इथे लिहितेय. ज्यांची सिटिझनशिप टेस्ट आहे त्यांनीही वाचा, एकदा गोष्ट कळली की १९०१ वेगळं पाठ करावं लागत नाही.

आधी एक गैरसमज काढून टाका

आपल्या डोक्यात देश होणं म्हणजे लढा, तुरुंग, स्वातंत्र्य, नाहीतर सरदार पटेल आणि संस्थानांचं विलीनीकरण. इथे यातलं काहीच नव्हतं. न्यू साउथ वेल्स, व्हिक्टोरिया, क्वीन्सलँड, साउथ ऑस्ट्रेलिया, टास्मानिया आणि वेस्टर्न ऑस्ट्रेलिया या सहा वेगवेगळ्या ब्रिटिश वसाहती होत्या, प्रत्येकीची आपली पार्लमेंट, आपला प्रीमियर म्हणजे मुख्यमंत्री, आपलं पोस्टाचं तिकीट, आपली छोटीशी फौज, आपली रेल्वे आणि आपली कस्टमची चौकी. राणी सगळ्यांची एकच, लंडनमध्ये. १९०१ ला ब्रिटिश गेले असं मुलांना चुकूनही सांगू नका, ब्रिटिश कुठे गेले नाहीत, या सहा जणींनी आपापसात करार करून एक सामायिक सरकार वर बसवलं आणि घरचा कारभार आपल्याकडेच ठेवला. म्हणून त्याला फेडरेशन म्हणतात. मुलाला हे एवढं नीट कळलं की अर्धं काम झालं, कारण पुढचं सगळं भांडण "वर किती द्यायचं आणि घरी किती ठेवायचं" याचंच आहे.

जमिनीवर टेप लावा

हे नक्की करा, दहा मिनिटांचं काम आहे. हॉलमध्ये फरशीवर मास्किंग टेपच्या दोन समांतर पट्ट्या लावायच्या, मधलं अंतर १६०० मिलिमीटर, ही व्हिक्टोरियाची रेल्वे. त्यातली एक पट्टी तशीच ठेवून दुसरी १४३५ मिलिमीटरवर लावायची, ही न्यू साउथ वेल्सची. क्वीन्सलँडची लावायची असेल तर १०६७. आता मुलाची खेळण्यातली ट्रॉली किंवा नुसती पट्टी घेऊन दाखवा की पहिल्या रुळावरचा डबा दुसऱ्या रुळावर जाऊच शकत नाही. व्हिक्टोरिया आणि न्यू साउथ वेल्सच्या रुळात फरक फक्त साडेसोळा सेंटीमीटरचा, माझ्या मुलीने आपली पूर्ण ताणलेली वीत त्यात ठेवून बघितली, बरोब्बर बसली, आणि म्हणाली एवढ्यासाठी?

हो, एवढ्यासाठी. १८८३ मध्ये दोन्हीकडचे रूळ अल्बरीला येऊन भेटले, तेव्हापासून मेलबर्नहून सिडनीला जाणारा प्रत्येक माणूस अल्बरीला सामानसुमानासकट उतरून समोरच्या गाडीत चढायचा, मालगाडीतलं प्रत्येक पोतं एका वॅगनमधून काढून दुसरीत टाकावं लागायचं. ज्यांनी कुर्डुवाडीला ब्रॉडगेजवरून उतरून बार्शी लाईटची ती छोटी गाडी पकडलीय त्यांना हे सांगायला नको. फक्त तिथे दोन वेगळ्या कामांसाठी दोन वेगळे रूळ होते आणि इथे दोन शेजारी सरकारांचं आपसात जमलं नाही म्हणून. आणि एक गोष्ट प्रोजेक्टमध्ये जरूर टाका, १९०१ ला देश एक झाला तरी मेलबर्न ते सिडनी गाडी न बदलता जायला १९६२ उजाडलं. मुलांना वाटतं सही झाली आणि दुसऱ्या दिवशी सगळं बदललं, तसं नसतं हे या एका तारखेवरून कळतं.

मग नाका

अल्बरीला गाडी बदलण्याबरोबर बॅगाही उघडाव्या लागायच्या. मरे नदी ही सीमा, आणि नदीकाठच्या गावांत कस्टम हाऊस. व्हिक्टोरियाला आपले कारखाने जपायचे होते म्हणून तिने बाहेरून येणाऱ्या मालावर चढा कर लावला, आणि बाहेरून म्हणजे इंग्लंडहून आलेला असो की पुलापलीकडून आलेला असो. न्यू साउथ वेल्सचा कल उलटा, त्यांना मोकळा व्यापार हवा. नदीच्या उत्तरेचा रिव्हरिना भाग कागदावर न्यू साउथ वेल्सचा, पण त्यांना सिडनीपेक्षा मेलबर्न जवळ, लोकर गहू सगळं मेलबर्नलाच जायचं, त्यामुळे स्वतःच्या घरासमोरचा पूल ओलांडला की शेतकऱ्याला कर. गुरं मेंढरं नेली तरी कर.

मुलांना हे पुस्तकातून कळत नाही. आम्ही व्हिडिओ कॉलवर आजोबांना विचारलं, त्यांनी मुलुंड चेकनाक्यावरच्या जकातीच्या रांगा सांगितल्या, ट्रक कसे रात्र रात्र उभे असायचे, ड्रायव्हर तिथेच स्टोव्ह पेटवून जेवण करायचे, आणि २०१७ ला जीएसटी आला तेव्हा मुंबईची जकात गेली. मुलगी ऐकतच राहिली. मग तिला म्हटलं, आता अशी कल्पना कर की ठाणे एका देशात आणि मुलुंड दुसऱ्यात. तुमच्या घरी आजी आजोबा, काका, मामा कोणी ट्रान्सपोर्टमध्ये, दुकानात असतील तर त्यांच्याशी बोलायला लावा, मूल ते स्वतःच्या शब्दात लिहितं आणि ते कॉपी पेस्टपेक्षा शंभर पटीने बरं असतं. शिवाय इथल्या घटनेतलं कलम ९२ मग आपोआप समजतं, राज्याराज्यांमधला व्यापार पूर्णपणे मुक्त असेल एवढंच ते सांगतं. आपल्या भारताच्या घटनेतलं ३०१ त्याच जातीचं.

भीतीचंही एक कारण होतं, ते थोडक्यात सांगितलं तरी चालेल. वर न्यू गिनीत जर्मनी हातपाय पसरतेय म्हणून क्वीन्सलँडने १८८३ मध्ये परस्पर तिथला भाग ताब्यात घेतला, लंडनने तो मान्य केला नाही, आणि पुढच्याच वर्षी जर्मनी खरंच ईशान्येकडच्या भागात येऊन बसली. वेगवेगळं ओरडलं तर लंडन ऐकत नाही हे तेव्हा सगळ्यांना कळलं. १८८९ मध्ये मेजर जनरल एडवर्ड्स नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने पाहणी करून सांगितलं की या सहा फौजा एकत्र नसतील तर संरक्षणाचा उपयोग नाही.

नकाशावर दोन गावं शोधा

आता नकाशा काढायचा, पण राजधान्या रंगवत बसू नका. दोन छोटी गावं शोधा, टेंटरफिल्ड आणि करोवा. मला स्वतःला या सगळ्यात जर काही सर्वात जास्त आवडलं असेल तर ते हे, की गाडी पुढे सरकली ती दोन्ही वेळा सीमेवरच्या गावातून, सिडनी मेलबर्नच्या मोठ्या सभागृहांतून नाही.

टेंटरफिल्ड न्यू साउथ वेल्सच्या अगदी उत्तरेला, क्वीन्सलँडला चिकटून, ब्रिस्बेन जवळ आणि आपलीच राजधानी सिडनी लांब. तिथून जवळच वॉलंगारा स्टेशन, जिथे क्वीन्सलँडचे अरुंद रूळ संपायचे आणि यांचे सुरू व्हायचे. न्यू साउथ वेल्सचे प्रीमियर हेन्री पार्क्स ब्रिस्बेनहून परत येताना २४ ऑक्टोबर १८८९ ला इथे थांबले आणि स्कूल ऑफ आर्ट्समध्ये बोलले की आता संपूर्ण ऑस्ट्रेलियासाठी एक पार्लमेंट, एक सरकार हवं. फौजेचं बोलले आणि रुळांचंही बोलले. समोर बसलेल्या लोकांना रुळांचं समजावून सांगावं लागलं नसणार.

पुढे १८९० ला मेलबर्नमध्ये परिषद, १८९१ ला सिडनीत मोठं अधिवेशन, न्यूझीलंडचेही लोक होते. क्वीन्सलँडच्या सॅम्युअल ग्रिफिथ यांच्या हाताखाली घटनेचा मसुदा झाला, ईस्टरच्या सुट्टीत ल्युसिंडा नावाच्या सरकारी बोटीवर हॉक्सबरी नदीत बसून त्यावरून हात फिरवला गेला, आणि त्याआधीचा कच्चा मसुदा लिहिणारे टास्मानियाचे अँड्र्यू इंग्लिस क्लार्क यांचंही नाव मुलांना लिहायला सांगा, ते बहुतेक चार्टवर नसतंच. एवढं सगळं करून तो मसुदा प्रत्येक वसाहतीच्या पार्लमेंटमध्ये गेला आणि तिथेच पडून राहिला. पार्क्सची सत्ता गेली, मंदी आली, १८९३ मध्ये बँका धडाधड बंद पडल्या, आमदारांना आपापल्या घरची आग दिसत होती. खरं तर तिथे विषय संपलाच होता.

करोवावर थांबा, घाई करू नका

इथे प्रोजेक्टचं एक अख्खं पान द्या. करोवा मरे नदीच्या काठी, वर सांगितलं त्या कराने सगळ्यात जास्त पोळलेला भाग. ३१ जुलै आणि १ ऑगस्ट १८९३ असे दोन दिवस तिथे नदीच्या दोन्ही बाजूंच्या फेडरेशन लीगचे लोक जमले, ऑस्ट्रेलियन नेटिव्ह्ज असोसिएशनचे लोक आले, ही इथे जन्मलेल्या गोऱ्यांची संघटना, नावावरून मुलांचा घोळ होतो तेवढं समजावून सांगा. भाषणं झाली, एकत्र यायला पाहिजे, एकत्र यायला पाहिजे, आणि पुन्हा नुसता ठराव करून घरी जायची वेळ आली. तेव्हा बेंडिगोहून आलेले जॉन क्विक नावाचे वकील, लहानपणी शाळा सोडून फाउंड्रीत काम केलेला माणूस, त्यांनी एक ठराव मांडला. साध्या भाषेत असा, की प्रत्येक वसाहतीने आधी कायदा करावा, त्या कायद्याप्रमाणे लोकांनी स्वतः मत देऊन प्रतिनिधी निवडावेत, त्या प्रतिनिधींनी बसून घटना लिहावी, आणि ती घटना थेट लोकांच्या मताला टाकावी.

वाचायला काही विशेष वाटत नाही, पण १८९१ चा मसुदा कुठे मेला ते आठवा, पार्लमेंटच्या टेबलावर. ज्यांची सत्ता कमी होणार त्यांच्याच हातात किल्ली होती. क्विकनी रस्ताच बदलला, सुरुवात लोकांपासून आणि शेवटही लोकांपाशी, आणि मध्ये कोणाला फाईल दाबून ठेवता येऊ नये म्हणून कायदा आधीच केलेला. मुलीला मी सोसायटीचं उदाहरण दिलं, पुण्यातल्या आमच्या दोन विंगचं पाण्याचं काम दोन्ही कमिट्यांच्या मीटिंगमध्ये वर्षानुवर्षं अडकलं होतं, शेवटी दोन्ही विंगच्या सगळ्या सभासदांची एकत्र सभा बोलावून मतदान घेतलं तेव्हा ते झालं. तिने पानाच्या वरती मोठ्या अक्षरात लिहिलं "ज्यांना त्रास होतो त्यांनाच विचारा". हे तिचं वाक्य आहे, माझं नाही.

१८९५ ला होबार्टमध्ये प्रीमियर लोकांनी हीच पद्धत घेतली, १८९७ मध्ये चार वसाहतींत लोकांनी प्रत्येकी १० प्रतिनिधी निवडून दिले, वेस्टर्न ऑस्ट्रेलियाने आपले १० पार्लमेंटमधून पाठवले, क्वीन्सलँड आलंच नाही. साउथ ऑस्ट्रेलियात कॅथरीन हेलन स्पेन्स या निवडणुकीला उभ्या राहिल्या, त्या निवडून आल्या नाहीत पण या देशात उमेदवार म्हणून उभ्या राहिलेल्या त्या पहिल्या बाई, मुलींनी त्यांचं पान जरूर करावं.

जेवणाच्या टेबलावर अधिवेशन भरवा

अधिवेशन अ‍ॅडलेड, सिडनी, मेलबर्न असं तीन बैठकांत मार्च १८९८ पर्यंत चाललं. तिथे काय भांडले हे वाचून दाखवलं तर मूल पाच मिनिटांत पेंगतं, म्हणून आम्ही खेळ केला. नवरा न्यू साउथ वेल्स, मी व्हिक्टोरिया, मुलगा वेस्टर्न ऑस्ट्रेलिया, मुलगी टास्मानिया. एक प्रश्न ठेवला, नव्या पार्लमेंटमध्ये कोणाची किती माणसं? नवरा म्हणाला लोकसंख्येप्रमाणे, मी पण हो म्हटलं. मुलगी चमचा खाली ठेवून म्हणाली, मग मी येतच नाही, तुम्ही दोघं मिळून दर वेळी मला हरवणार. बघा, टास्मानियाची बाजू न वाचता तिला कळली.

उत्तर त्यांनी असं काढलं की खालच्या सभागृहात लोकसंख्येप्रमाणे, पण मूळ राज्य कितीही छोटं असलं तरी किमान ५ जागा, आणि सिनेटमध्ये सगळ्यांना सारखे, तेव्हा प्रत्येकी ६, आता १२. इथे आपल्या मुलांना भारताशी तुलना करायला सांगा, टीचरना ते फार आवडतं, आपल्या राज्यसभेत महाराष्ट्राचे १९ आणि गोव्याचा १, इथे मात्र एवढंसं टास्मानिया आणि एवढं मोठं न्यू साउथ वेल्स दोघांचे १२ च.

दुसरा प्रश्न पैशाचा ठेवा. कस्टमचा पैसा हीच वसाहतींची मोठी कमाई, ती वर गेली तर घर कसं चालवायचं? टास्मानियाचे प्रीमियर एडवर्ड ब्रॅडन यांनी कलम घालून घेतलं की कस्टम आणि एक्साईजच्या निव्वळ उत्पन्नातला चारातला तीन हिस्सा राज्यांना परत मिळालाच पाहिजे. हे ब्रॅडन त्याआधी बरीच वर्षं हिंदुस्थानात सरकारी नोकरीत होते. सिडनीवाले या कलमावर इतके चिडले की त्याला ते ब्रॅडनचा डाग म्हणायचे. जीएसटीची भरपाई केंद्र देणार की नाही यावरून राज्यांची जी ओढाताण आपण बातम्यांत बघितली ती डोळ्यासमोर आणा, विषय तोच.

आकडे वहीवर काढा

मतदानाचे आकडे कॉम्प्युटरवर चार्ट करण्यापेक्षा चौकडीच्या कागदावर हाताने काढायला लावा. ३ जून १८९८, न्यू साउथ वेल्स, बाजूने ७१,५९५ आणि विरोधात ६६,२२८. मुलांना विचारा कोण जिंकलं. सगळी म्हणतात हो वाले. नाही, हरले, कारण तिथल्या पार्लमेंटने आधीच अट वाढवून ठेवली होती की बाजूने किमान ८०,००० मतं पडली तरच मंजूर. व्हिक्टोरिया, टास्मानिया, साउथ ऑस्ट्रेलियात दणदणीत पास झालेलं काम सिडनीत येऊन अडकलं. तिथले प्रीमियर जॉर्ज रीड एका भाषणात मसुद्यावर टीकाही करायचे आणि मत मात्र बाजूने देणार म्हणायचे, लोकांनी त्यांचं नावच येस नो रीड ठेवलं. आणि पुढे देशाचे पहिले पंतप्रधान झालेले एडमंड बार्टन यांनी त्याआधी काही वर्षं गावोगाव फिरून जवळपास ३०० सभा घेतल्या होत्या, तरी हे झालं. या माणसाबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

मग १८९९ च्या सुरुवातीला सहाही प्रीमियर मेलबर्नला बसले आणि रीडना हवं ते थोडं थोडं मिळालं. ब्रॅडनच्या कलमाला १० वर्षांची मुदत लागली, आणि राजधानी न्यू साउथ वेल्समध्येच होईल पण सिडनीपासून किमान १०० मैल लांब, आणि ती बांधून होईपर्यंत पार्लमेंट मेलबर्नला. कॅनबेरा जिथे आहे तिथे का आहे त्याचं हे उत्तर, आणि पार्लमेंट तिकडे जायला १९२७ उजाडलं. आपल्याकडे हिवाळी अधिवेशन नागपूरला का भरतं हे ज्याला ठाऊक आहे त्याला अशी देवाणघेवाण नवी नाही. २० जून १८९९ ला पुन्हा मत घेतलं, १,०७,४२० विरुद्ध ८२,७४१. दोन्ही वर्षांचे खांब शेजारी शेजारी काढले की मुलांना दिसतं की विरोधही वाढला होता, पण बाजूचे जास्त वाढले. क्वीन्सलँडने सप्टेंबर १८९९ मध्ये ३८,४८८ विरुद्ध ३०,९९६ असं काठावर हो म्हटलं.

न्यूझीलंड का नाही हा प्रश्न मुलं हमखास विचारतात. १८९० च्याच परिषदेत त्यांच्या जॉन हॉल यांनी मधल्या १२०० मैल समुद्राचं कारण दिलं होतं. तरी कायद्याच्या सुरुवातीच्या कलमांत राज्यांच्या यादीत न्यूझीलंडचं नाव आजही आहे, कधी यायचं असेल तर दार उघडं.

बाकी लंडनचा भाग फार लांबवू नका. १९०० मध्ये बार्टन, डीकिन, किंग्स्टन वगैरे मंडळी बिल घेऊन गेली, इथल्या खटल्यांचं अपील लंडनला जाणार की नाही यावरून ब्रिटिश मंत्री चेंबरलेनशी घासाघीस झाली, तोडगा निघाला, ९ जुलै १९०० ला राणीची संमती. १ जानेवारी १९०१ ला सिडनीच्या सेंटेनियल पार्कमध्ये घोषणा आणि बार्टन पहिले पंतप्रधान. पार्क्स १८९६ लाच गेले होते, त्यांना हे बघायला मिळालं नाही.

जे टेबलावर नव्हते त्यांचं पान

हे पान न करता प्रोजेक्ट देऊ नका. ज्यांची ही जमीन हजारो वर्षं होती त्या आदिवासींना या अधिवेशनात कोणी बोलावलं नाही. उलट घटनेत कलम १२७ घातलं की लोकसंख्या मोजताना त्यांना धरायचं नाही. ते निघालं १९६७ च्या सार्वमतात, जवळजवळ ९१ टक्के लोकांनी बाजूने मत दिलं तेव्हा. साउथ ऑस्ट्रेलिया आणि वेस्टर्न ऑस्ट्रेलियाच्या बायकांना फेडरेशनच्या मतदानात भाग घेता आला, बाकी ठिकाणच्या बायका नुसत्या बघत होत्या.

आणि मग मुलगी मला म्हणाली, आई, आपण तेव्हा असतो तर? मी खरं सांगितलं. एकत्र येण्यामागे जी कारणं होती त्यात गोऱ्यांचाच देश ठेवायचा हेही एक कारण होतं, आणि नव्या पार्लमेंटने पहिल्याच वर्षी, १९०१ मध्ये, इमिग्रेशनचा कायदा केला. अधिकारी कुठल्याही युरोपियन भाषेतले ५० शब्द सांगणार आणि ते लिहून दाखवायचे, भाषा कोणती ते अधिकारी ठरवणार. इंग्लिश उत्तम येत असेल तर तो दुसरी कुठली तरी भाषा काढणार. आम्ही घरी करून बघितलं, मी यूट्यूबवर स्वीडिश बातम्या लावल्या आणि तिला म्हटलं लिही. ती पेन धरून बसून राहिली, एक अक्षर लिहिता आलं नाही, आणि थोड्या वेळाने म्हणाली हे तर नापास करायलाच काढलंय. ही परीक्षा १९५८ पर्यंत होती. इथे आधीपासून राहणाऱ्या हिंदुस्थानी लोकांनाही १९०२ च्या कायद्याने बहुतेक करून देशाच्या निवडणुकीत मत नव्हतं, ब्रिटिश हिंदुस्थानातून आलेल्यांना ते १९२५ मध्ये मिळालं. काही पालक म्हणतात एवढ्या लहान मुलांना हे कशाला. माझं मत स्पष्ट आहे, आपण इथे घर केलंय, मुलं इथली आहेत, त्यांना हे आपल्या तोंडून कळलेलं बरं.

प्रत्यक्ष बघायचं असेल तर कार्लटनमधली रॉयल एक्झिबिशन बिल्डिंग आपल्या ट्रामच्या वाटेवरच आहे, ९ मे १९०१ ला पहिली पार्लमेंट तिथे उघडली, शेजारीच म्युझियम आहे, अर्धा दिवस पुरे. नंतरची २६ वर्षं देशाची पार्लमेंट स्प्रिंग स्ट्रीटवरच्या व्हिक्टोरियाच्या पार्लमेंटच्या इमारतीत बसली आणि व्हिक्टोरियाची बिचारी एक्झिबिशन बिल्डिंगमध्ये. लाँग वीकेंड मिळाला तर अल्बरीला जा, तो लांबच लांब प्लॅटफॉर्म मुलांना या टोकापासून त्या टोकापर्यंत चालवा, आणि तिथून गाडीने तासाभरात करोवा. पुलावर मध्ये उभं राहून इकडे व्हिक्टोरिया आणि तिकडे न्यू साउथ वेल्स असा फोटो काढा, आम्ही तोच कव्हरवर लावला. डबा बरोबर घ्या, रविवारी तिथे बरंच बंद असतं.

शेवटचं काम प्रेझेंटेशनच्या आदल्या रात्रीचं. घटनेच्या कायद्याच्या सुरुवातीचा छोटा परिच्छेद प्रिंट करा आणि मुलाच्या हातात पेन्सिल द्या, एकत्र यायला कबूल झालेल्या वसाहतींची नावं मोजायला सांगा. न्यू साउथ वेल्स, व्हिक्टोरिया, साउथ ऑस्ट्रेलिया, क्वीन्सलँड, टास्मानिया. पाचच भरतात. मुलगी तीनदा मोजून माझ्याकडे आली, यात चूक आहे म्हणून. चूक नाही, वेस्टर्न ऑस्ट्रेलियाने मतदान घेतलं तेच ३१ जुलै १९०० ला, संमती होऊन तीन आठवडे झाल्यावर, पूर्वेकडून सोन्याच्या खाणीत आलेली माणसं आम्ही वेगळी वसाहत काढतो म्हणून अडून बसली तेव्हा, ४४,८०० विरुद्ध १९,६९१. तोवर कागद छापून झाला होता. सहावं नाव तिथे आजही नाही.